बिनआडनावाच्या फाइली

आमच्या घरात आडनाव नव्हतं. म्हणजे आजोबांच्या जुन्या कागदांत ते कुठेतरी पडलेलं होतं, पण बाबांनी ते तरुणपणीच सोडलं आणि आम्हालाही लावलं नाही. मी विशाखा, पुढे बाबांचं नाव, संपलं. आजोबा दीक्षेसाठी गावाहून पायी नागपूरला आले होते आणि परत जाताना, बाबांच्या शब्दांत, बरंच ओझं इथेच टाकून गेले होते. उरलेलं बाबांनी टाकलं. तरुणपणी शहरात खोली शोधताना घरमालक आधी नाव विचारत, मग जरा थांबून ‘पूर्ण नाव?’ असं विचारत, आणि पूर्ण नाव ऐकलं की ती खोली नेमकी कालच कुणालातरी दिलेली असे. तेव्हापासून आडनाव विचारणाऱ्या माणसाबद्दल बाबांच्या मनात कायमची अढी बसली. ते शाळेत शिक्षक होते आणि वर्गाची हजेरी नुसत्या नावांनी घेत. एका वर्गात तीन प्रकाश निघाले, तेव्हा त्यांनी लंबा प्रकाश, खिडकीतला प्रकाश आणि नुसता प्रकाश अशी सोय लावली. अजूनही एखाद्या लग्नात कुणी टक्कल पडलेला गृहस्थ माझ्याजवळ येतो आणि ‘ताई, मी खिडकीतला प्रकाश’ अशी स्वतःची ओळख करून देतो.

आमचं घर नागपुरात, हुडकेश्वरला. तेव्हा पुढे मोकळे प्लॉट होते, बाजूला एक पीठगिरणी होती आणि तिचा पट्टा दुपारभर फटफट वाजत असे. आता त्या प्लॉटांवर इमारती उभ्या आहेत आणि गिरणीच्या जागी मोबाइलचं दुकान आहे, पण मला अजून दुपारी झोप लागताना तो आवाज हवासा वाटतो. घरात चार माणसं: आई, बाबा, मी आणि तारा आत्या. आत्या बाबांची थोरली बहीण. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही, तेव्हापासून ती आमच्याकडेच. स्वयंपाकघर तिचं आणि आईचं मिळून होतं. पाटोडीचा रस्सा आत्याने करायचा, भाकरी आईने थापायच्या, आणि मीठ कुणी घातलं यावरून दोघींचा रोज एक छोटा वाद व्हायचा, कारण कधी दोघींनी घातलेलं असे आणि कधी एकीनेही नाही.

आत्या काम करताना गायची. पौर्णिमेला विहारात बायकांच्या मंडळात तिचा आवाज सगळ्यांत पुढे असायचा. जाड, थोडा घोगरा आणि कुठेही न डगमगणारा. माझं नाव तिनेच ठेवलं. बारशाला आत्याने बाळाच्या कानात नाव सांगायचं ही रीत आहेच, पण तिने त्यासाठी स्वतःचा पाळणा रचला होता आणि तो ती पुढे मला वेणी घालतानासुद्धा म्हणायची:

कानामधी बाई तुह्या नाव एक सांगते,
त्याच नावानं येजो घरी, दार उघडं ठेवते.

मी कॉलेजात असताना घरात कॉम्प्युटर आला. समोरच्या खोलीत, कूलरच्या शेजारी, आईने भरतकाम केलेल्या झाकणाखाली तो देवासारखा बसला. कूलर आणि कॉम्प्युटर एकाच बोर्डावर होते, दोन्ही एकदम लावले की कधीकधी फ्यूज उडे, त्यामुळे मे महिन्यात आम्हाला गार हवा किंवा ज्ञान यांतलं एकच निवडावं लागे असं बाबा म्हणायचे. मी प्रताप नगरला एका मॅडमच्या क्लासला जायला लागले. मॅडम शिडशिडीत, चष्मा डोक्यावर, बोलणं तुरुतुरु. त्यांनी पहिल्याच आठवड्यात फाइलींच्या नावातला टिंबानंतरचा भाग दिसण्याची सोय सुरू करायला शिकवली. तो भाग लपलेला असला की माणूस फसतो, असं त्यांचं म्हणणं. मी रात्रीच्या जेवणाला ते ज्ञान वाटलं. “टिंबाच्या पुढचं असतं ना, ते फाइलचं आडनाव. त्यावरून कॉम्प्युटरला कळतं फाइल कोणत्या घरातली आहे.”

बाबांचा हात ताटातच थांबला. “अन् आडनाव नसलं तर?”

“तर तो विचारतो, ही कशाने उघडू म्हणून.”

“म्हणजे इथंही तेच,” बाबा म्हणाले आणि त्यांनी भात कालवला. मी विषय विसरले. ते विसरले नव्हते.

त्याच उन्हाळ्यात आत्याच्या घशात गाठ निघाली. डॉक्टर भले होते, त्यांनी काही लपवलं नाही. ऑपरेशन करावंच लागेल, जीव वाचेल, आवाज राहणार नाही. घरी आल्यावर आत्याने हातपाय धुतले, चहा ठेवला आणि मला म्हणाली, “तुह्या त्या डब्ब्यात आवाज भरता येते म्हणे?”

“येतो ना.”

“मंग भरून ठेव माहा. बाद में मले ऐकवजो. मी काहून नाही ऐकू? इतके वर्ष साऱ्यायले ऐकवलं, आता फुरसतीनं मीच ऐकीन.”

मी हो म्हटलं. आयुष्यात मी अनेकांना अनेक गोष्टींना हो म्हटलं आहे, पण या एका होची मला जितकी धास्ती वाटली तितकी कशाचीच नाही.

आवाज भरायचा प्रोग्रॅम एका वेळी एकच मिनिट घ्यायचा. ते वाढवता येतं हे मला फार नंतर कळलं. आणि कूलर चालू असला तर माइकमध्ये नुसतं वादळ यायचं. म्हणून आमची रीत अशी बसली: आई गिरणीवाल्याला जाऊन पट्टा थांबवायची विनंती करणार, मी कूलर बंद करणार, आत्या पदराने तोंड पुसून एक मिनिट गाणार, आणि मिनिट संपलं की आम्ही सगळ्या कूलरवर तुटून पडणार. नागपूरचा मे ज्याने पाहिला आहे त्यालाच त्या एका मिनिटाची किंमत कळेल. कॉम्प्युटर मध्येच थांबायचा, ओळ अर्धी राहायची. पाळण्याच्या वेळी तर तो नेमका ‘येजो घरी’वर थांबला. मी पुन्हा घेऊ या म्हटलं तर आत्या घामाने निथळत म्हणाली, “राहू दे वं. उरलेलं घरचे म्हनतीन.” फाइलींना नावं द्यायला मला सवड नव्हती. जे बोटाखाली आलं ते ठोकत गेले: न्यू, आ, आआ, टेस्ट.

ऑपरेशन झालं. दवाखान्यात आई, मी आणि विहारातल्या मंडळातल्या बायका आलटून पालटून बसायचो. बाबांना तिथे बसवत नसे. बहिणीच्या गळ्याला पट्टी, नाकात नळी, आणि ती डोळ्यांनीच ‘जेवलास का’ विचारते आहे, हे त्यांच्याने पाहवेना. ते डबा पोचवून घरी येत आणि घरात काहीतरी आवरत बसत. त्यांनी पुस्तकांचं कपाट आवरलं, माळा आवरला, सायकलचे सुटे भाग आवरले, आणि शेवटी कॉम्प्युटर आवरला.

मी घरी आले तेव्हा दुपार होती. बाबा डबा घेऊन निघून गेले होते. आत्या दोन-तीन दिवसांत घरी येणार होती, म्हणून मी आवाज नीट वाजतोय ना पाहायला कॉम्प्युटर लावला. आमचं फोल्डर उघडलं. आत फाइलींवर नेहमीची गाण्याची छोटी चित्रं नव्हती, फोटोंची नव्हती. सगळ्या एकसारख्या पांढऱ्या, कोऱ्या फाइली. नावंही अनोळखी: ‘न्यू मोठा’, ‘न्यू बारीक’, ‘टेस्ट लंबा’, ‘आ दुसरा’. उघडायला गेलं की कॉम्प्युटर विचारायचा, ही कशाने उघडू?

त्यात भर म्हणजे मला वर्धेच्या मामेभावाचा फोन आठवला. त्याने लग्नाच्या फोटोंची फ्लॉपी दिली होती, ती मी तशीच फोल्डरात ओतून ठेवली होती. नंतर त्याचा घाईघाईत फोन आला होता की त्यातला एक फोटो उघडू नको, तो फोटो नाहीच, त्याने भावाचाच कॉम्प्युटर पार झोपवला. ओळखायचा तर त्याच्या नावामागे दोन आडनावं आहेत, पुढचं फोटोचं आणि मागचं प्रोग्रॅमचं. ती फाइल पुसायची राहून गेली होती. आता दोन आडनावं कुठे, इथे कुणाला एकही उरलं नव्हतं.

आईने जरीपटक्याहून आमचा कॉम्प्युटर जोडून देणाऱ्या माणसाला बोलावलं. तो बिचारा भर उन्हात आला, पाणी प्यायला, पडद्याकडे पाहिलं आणि म्हणाला, “वायरस है ताई. सब फाइलें खा गया. फॉर्मेट मारना पडेगा, एकदम नवा होऊन जाईन.”

“त्यात माझ्या आत्याचा आवाज आहे.”

“आता नाही ना ताई, आता त्यात कचरा हाये.” तो चांगल्या मनानेच बोलत होता. त्याने सीडी काढलीसुद्धा. मी माउसवर हात ठेवून बसले आणि उठलेच नाही. शेवटी आईने त्याला चहा दिला आणि उद्या या म्हणून सांगितलं.

संध्याकाळी बाबा आले. आईने दारातच सांगितलं, वायरसने सगळ्या फाइली खाल्ल्या. बाबा चप्पल काढता काढता थांबले. “खाल्ल्या? कोन म्हने? सगळ्या आहेत. मी सोताच नीट लावून गेलो.” मग ते आत आले, खुर्चीवर बसले आणि वर्गात नवीन धडा सांगावा तसं त्यांनी मला सांगितलं. त्यांनी एकेका फाइलचं आडनाव पुसलं होतं. कॉम्प्युटर प्रत्येक वेळी धमकी देई की असं केलं तर फाइल निकामी होईल, तरी करायचं का? “अशा धमक्या आम्ही लय ऐकल्या,” बाबा म्हणाले, “मी दर वेळी ‘हो’ दाबलं.” आडनावं काढल्यावर दोन-दोन फाइलींची नावं एकच होऊ लागली, तेव्हा त्यांनी आकार पाहून त्यांना मोठा, बारीक, लंबा अशी ओळख दिली. फाइलींना त्यांनी अगदी प्रकाशांसारखं वागवलं होतं.

मी रडायलाच लागले. म्हटलं, “बाबा, आता यात आत्या कोणती ते कसं कळणार? एक विषारी आहे यात. अंदाजाने आडनाव लावलं आणि नेमकी तीच उघडली तर सगळंच जाईल.”

बाबांचा चेहरा उतरला. तो चेहरा मी विसरलेले नाही. आयुष्यभर ज्या गोष्टीचा त्यांना अभिमान होता, तिच्यामुळेच बहिणीचा आवाज गेला, असं त्यांना त्या क्षणी वाटलं असणार. आईने पाटोडी केली होती, मीठ अगदी बरोबर पडलं होतं, तरी ते जेवले नाहीत. “ताराले काय सांगू मी?” एवढंच एकदा म्हणाले.

सकाळी मी प्रताप नगरला जाऊन मॅडमना घेऊन आले. त्यांनी सगळं ऐकलं, बाबांकडे पाहिलं आणि हसू दाबत म्हणाल्या, “सर, ती आडनावाची उपमा माझीच. चूक माझी म्हणा. पण फाइली कुठे गेल्या नाहीत. नाव बदललं म्हणून माणूस बदलतो का?”

बाबा खुर्ची ओढून जवळ बसले.

मॅडमनी आधी मला बजावलं की अनोळखी फाइल कधी दोनदा टिचकी मारून उघडायची नाही, आणि अंदाजाने आडनाव लावून पाहायचं तर मुळीच नाही. मूळ फाइलीला हात न लावता आधी तिची नक्कल करायची आणि मग ती नोटपॅडमध्ये नुसती बघायची. नोटपॅड काही चालवत नाही, ते बिचारं फक्त अक्षरं दाखवतं, त्यामुळे आत कितीही वाईट काही असलं तरी ते जागं होत नाही. मग त्यांनी फाइली आकाराप्रमाणे लावल्या. आणि तिथे आम्हाला पहिल्यांदा आत्या दिसली. एका रांगेत बऱ्याच फाइली होत्या, सगळ्यांचा आकार तंतोतंत सारखा. फोटो कधी एका मापाचे निघत नाहीत. एका मापाचं काय असतं, तर आमचं ते एकेक मिनिट.

“सारखा आकार हा संशय झाला,” बाबा म्हणाले. “पुरावा पाहिजे.”

‘न्यू मोठा’ची नक्कल नोटपॅडला दिली. मोठी फाइल म्हणून त्याने कुरकुर केली, दुसऱ्या प्रोग्रॅमकडे बोट दाखवलं, आणि तिथे पडदाभर गिचमिड उमटली. मॅडमनी गिचमिडीच्या अगदी सुरुवातीवर पेन्सिल टेकवली. आर, आय, एफ, एफ. जरा पुढे डब्ल्यू, ए, व्ही, ई. “आवाजाची फाइल स्वतःबद्दल हे आत लिहून ठेवते. फोटो वेगळं लिहितो, प्रोग्रॅम वेगळं. बाहेरचं आडनाव कुणीही बदलू शकतं सर, हे आतलं असं सहज बदलत नाही.”

बाबा पडद्याच्या इतके जवळ गेले की चष्मा टेकला. “म्हणजे आपण कोण ते याले ठाऊक होतं. आडनाव नसूनही.”

“हो.”

“मग हा कॉम्प्युटर आडनाव काहून मागते?”

“आत डोकवायचा कंटाळा म्हणून,” मॅडम म्हणाल्या.

बाबा मागे टेकले. कालपासून पहिल्यांदा त्यांच्या तोंडावर रंग आला. “घरमालकायचंही असंच होतं,” ते म्हणाले आणि आईला चहा टाकायला सांगितला.

मग बाबांनीच एकेक फाइल वाचायला घेतली, वर्गात वह्या तपासाव्या तशी. अमुक फोटो, तमुक आवाज. ‘लग्न बारीक’ नावाची एक फाइल उघडली तर सुरुवातीला एम आणि झेड, आणि त्या गिचमिडीत खाली एक धड इंग्रजी वाक्य की हा प्रोग्रॅम आहे. मामेभावाचा पाहुणा सापडला. बाहेरून फोटोचं आडनाव लावून आला होता, आत भलताच होता. मॅडम म्हणाल्या, सरांनी त्याची दोन्ही आडनावं काढली म्हणून तो इतके दिवस मुकाट पडून राहिला, नाहीतर कुणीतरी फोटो समजून उघडलाच असता. बाबांनी हे ऐकलं न ऐकलंसं केलं, पण पुढे कित्येक वर्षं ते घरी येणाऱ्या प्रत्येकाला ऐकवलं. ती फाइल कायमची पुसली, कचऱ्याचा डबाही रिकामा केला. जरीपटक्याचा माणूस कबूल केल्याप्रमाणे दुपारी आला, त्याला बाबांनी नोटपॅड दाखवून पूर्ण धडा दिला. तोही भला माणूस, शेवटपर्यंत ऐकून गेला.

आवाजाच्या फाइलींची एकेक नक्कल फ्लॉपीवर घेतली. एका फ्लॉपीत एक मिनिट आत्या मावत होती. मी नावांपुढे टिंब देऊन डब्ल्यूएव्ही हे आडनाव जोडायला गेले तर बाबा हळूच म्हणाले, “नकलांना लाव. मूळ फाइली राहू दे तशाच.” मी तशाच ठेवल्या. आज त्या माझ्या फोनमध्ये आहेत, अजून बिनआडनावाच्या. हल्ली काही प्लेअर न विचारताच आत डोकावून पाहतात आणि वाजवतात. बाबांना ते फार आवडलं असतं.

आत्या घरी आली ती संध्याकाळी. गळ्याला पांढरी पट्टी, अंगावर तिची धुवट पांढरी साडी. आम्ही तिला कॉम्प्युटरसमोर बसवलं. कूलर मी सवयीने बंद केला आणि मग माझं मलाच हसू आलं. पहिली फाइल लावली. ती गाणं नव्हतीच. माझ्याकडून चुकून आवाज भरायचं बटण दाबलं गेलं होतं तेव्हाची होती. आत्याचा आवाज आला, “विशाखा, झालं का वं ते? कूलर लाव, जीव चालला माहा.” मागून आईचं ‘मीठ तुम्ही टाकलं का मी?’ आणि आत्याचं ‘तूच टाकलं असशीन.’ आत्याचे खांदे हलू लागले. ती हसत होती, आवाजाशिवाय. मग तिने डोळे पुसले आणि बोटाने खूण केली, पुढचं.

पुढचा पाळणा होता. खोलीत तो जाड, न डगमगणारा आवाज भरला. समोर ती स्वतः बसलेली, ओठ हलताहेत, हात मांडीवर ताल धरतो आहे. कानामधी बाई तुह्या नाव एक सांगते. त्याच नावानं येजो घरी. आणि तिथे मिनिट संपलं. कॉम्प्युटर थांबला, आत्याचा हात मात्र तालावर चालूच राहिला. तिने आमच्याकडे पाहिलं. मी माउस धरून बसलेली, आईने पदर तोंडाला लावलेला.

बाबांनी आयुष्यात कधी गाणं म्हटलं नव्हतं. विहारातसुद्धा ते वंदना पुटपुटत. ते बहिणीच्या खुर्चीमागे उभे होते. त्यांनी खाकरून घसा साफ केला आणि बेसूर, वर्गात कविता वाचावी तशा आवाजात उरलेलं म्हटलं.

“दार उघडं ठेवते.”

आत्याने मागे हात नेऊन त्यांचा हात धरला आणि मला खूण केली, पुन्हा लाव.